डाव्या हाताचा कॅप्टन

हेक्टर लाइल मरणार हे त्याच्याआधी मला कळलं, कारण मरायचे कपडे मला शिवायचे होते.

म्हणजे खरा हेक्टर नव्हे. तो टेलिव्हिजनवर कॅप्टन जॅस्पर टॉरचं काम करायचा. पहिल्या एलिझाबेथ राणीच्या काळातला दर्यावर्दी, स्पेनच्या गलबतांचा कर्दनकाळ, लेसची कॉलर घालून दोराला लोंबकळत शत्रूच्या जहाजावर उतरणारा. दर रविवारी चहाच्या वेळी पोरंटोरंच काय, त्यांच्या आज्यासुद्धा त्याच्यासाठी पडद्यासमोर बसायच्या. मी, एडना टिबेट, त्या मालिकेचे कपडे सांभाळायची. एकसष्ट सालच्या उन्हाळ्यात आमचा सगळा लवाजमा कॉर्नवॉलला, पोर्थवेन नावाच्या मच्छीमारांच्या गावात येऊन उतरला होता. एका म्हाताऱ्या मालवाहू बोटीवर प्लायवूडचे मजले चढवून, सोनेरी रंग फासून आम्ही तिचं 'मेरी थॉर्न' केलं होतं. गावातले लोक तिला 'पुठ्ठ्याची राणी' म्हणायचे. तिच्यावर काम करायला मात्र कानात बाळ्या अडकवून रांगेत उभे राहायचे.

लंडनहून निरोप आला. कॅप्टनचे तीन पांढरे सदरे हवेत, अगदी एकसारखे, आणि छातीपाशी आतून छोटा खिसा. असा खिसा कशाला असतो ते आमच्या धंद्यात सगळ्यांना माहीत असतं. त्यात रबरी पिशवी बसते. पिशवीत आम्ही चॉकलेटचं सरबत भरायचो. चित्र काळंपांढरं, त्यामुळे रक्त म्हणून तेच झकास दिसायचं.

मी एक सदरा मापासाठी हेक्टरच्या अंगावर चढवला. उजवी बाही घालताना त्याला वेळ लागायचा, म्हणून मीच हात धरून आत घालायची. तेवढ्यात डाव्या हाताला तो खिसा लागला.

"एडी, हे कशाला?"

"पिशवीसाठी."

"कुठल्या भागात?"

"पुढच्याच."

तो आरशात बघत राहिला. मग म्हणाला, "उठतो का मी नंतर?"

"नाही," मी म्हणाले. दुसरं काय बोलणार?

त्याच्या त्या उजव्या हाताचं सांगायला हवं. वसंतात लंडनच्या स्टुडिओत शिडाच्या दोरांवरून उतरताना त्याचा पाय निसटला आणि तो मनगटावर आपटला. हाड जुळलं. नस मात्र दुखावली ती दुखावलीच. अंगठा आणि पहिली दोन बोटं मिटेनात. तलवार सोडा, चहाचा कप धरता येईना. कंपनीचे निर्माते मिस्टर स्टॉलवर्दी यांना डॉक्टरांनी सांगितलं होतं, होईल हळूहळू. तोपर्यंत मारामाऱ्या पाठमोऱ्या घ्यायच्या, हेक्टरच्या जागी अल्फला उभं करून, असं ठरलं. अल्फ आमचा उड्या मारणारा, जिन्यावरून पडणारा, खिडक्या फोडणारा गडी. पन्नाशीचा, टक्कल पडलेला. त्याला कॅप्टनच्या केसांचा टोप घालायचा की काम भागायचं. पण पाठमोरा कॅप्टन लोकांना किती दिवस दाखवणार? लोक चेहऱ्यासाठी बसतात.

मग स्टॉलवर्दींनी मार्ग काढला. पुढच्या भागात एक तरुण स्पॅनिश सरदार 'मेरी थॉर्न'वर चाल करून येणार, कॅप्टनशी त्याची लढाई होणार आणि कॅप्टन त्याच्या हातून मरणार. मरणाऱ्याच्या गळ्यातलं पदक बघून सरदार विचारणार, "हे पदक तुझ्याकडे कुठून आलं?" कॅप्टन म्हणणार, "आईनं दिलं," आणि प्राण सोडणार. तेव्हा सरदाराला कळणार की लहानपणी स्पेनवाल्यांनी पळवलेला कॅप्टनचा भाऊ तो आपणच. मग तो रडणार, स्पेनला लाथ मारणार आणि जहाजाचा नवा कॅप्टन होणार. ते काम डेनिस फॉकला मिळालं होतं. डेनिस सव्वीस वर्षांचा, देखणा, नुकतंच लग्न झालेला, आणि त्याच्या दोन्ही हातांची दहाही बोटं धड होती.

ती कथा आली त्या दिवशी हेक्टर धक्क्यावर एकटाच बसला होता. मी त्याला पेस्टी, म्हणजे मांस-बटाटा भरलेली तिथली करंजी, नेऊन दिली. खाल्ली नाही त्यानं.

"वीस वर्षं मी बटलर होतो, एडी," तो म्हणाला. "गावोगावच्या नाटकांत. ट्रे घेऊन आत यायचं, 'गाडी आलीय, साहेब' म्हणायचं आणि जायचं. एकदा तर पडदा उघडतो तिथपासून प्रेत होतो. चाळिशी उलटल्यावर हा कॅप्टन मिळाला. हल शहरात माझी आई शेजारणींना बोलावून रविवारी खुर्च्या मांडून बसते."

"मग भांडा ना स्टॉलवर्दींशी."

"काय म्हणून? त्यांचं बरोबरच आहे. तलवार न धरणारा कॅप्टन काय कामाचा?" त्यानं पेस्टी उचलली. "मरायला माझी ना नाही. पण लढाई अल्फ लढणार आणि मी नुसता येऊन आडवा पडणार, हे मला चालणार नाही. माझी शेवटची लढाई मी लढेन. चेहरा पुढे करून."

"कुठल्या हातानं?"

त्यानं डावा हात वर केला. त्या हातात ती पेस्टी होती.

आमच्या मारामाऱ्या बसवायची ती पिरोश्का वाडास. बुडापेस्टची. पाच वर्षांपूर्वी तिथे रशियन रणगाडे आले तेव्हा ती सरहद्द ओलांडून निघाली, एका पिशवीत कपडे आणि पाठीला दोन तलवारी बांधून. तिच्या देशात तिला तलवारबाजीची बक्षिसं होती. आमच्याकडे तिला 'हालचालींची मदतनीस' म्हणायचे आणि मालिकेच्या शेवटी नावं येतात त्यांत तिचं नाव नसायचं. आमची भाषा तिला तोडकीमोडकीच यायची. निर्माता असो की चहावाला, सगळ्यांशी ती एकाच सुरात बोलायची.

हेक्टरनं तिला विचारलं, "डाव्या हातानं जमेल?"

तिनं त्याच्याभोवती एक फेरी मारली. घोडा विकत घेताना बघतात तसं बघितलं. "तुझं वय किती?"

"चव्वेचाळीस."

"खरं वय?"

"सत्तेचाळीस."

"जमेल. फार दुखेल. उद्या पहाटे ये."

बंदराच्या मागे जाळी वाळवायची एक माडी होती. डांबराचा आणि जुन्या माशांचा वास नाकात बसायचा. लढाईच्या चित्रीकरणाला अजून काही आठवडे होते, तोवर तिथे रोज सकाळी, रंगभूषेच्या आधी, त्यांची तालीम सुरू झाली. मी चहाची किटली घेऊन जायची आणि कोपऱ्यात बसून हूक लावायची. हेक्टरला बटणं लावता येत नव्हती ना, म्हणून त्याच्या सगळ्या डगल्यांना वरून खोटी बटणं आणि आतून हूक.

पहिल्या दिवसांत बघवत नव्हतं. डावा हात पुढे जायचा आणि उजवा पाय त्याच्याबरोबर निघायचा. स्वतःच्याच गुडघ्यावर त्यानं दोनदा तलवार मारून घेतली. एकदा ती हातातून सुटली ती थेट जाळ्यांना बांधायच्या बुचांच्या ढिगात जाऊन रुतली. सारखा उजवा हात मधे यायचा, मूठ धरायला धावायचा.

"उजवा हात विसर," पिरोश्का ओरडायची. "तो आता पाहुणा आहे. घरात बसू दे. काम सांगू नको."

"पाहुणा फार आगाऊ आहे."

"मग बांधून टाक."

आणि तिनं खरंच त्याचा उजवा हात गळपट्ट्यानं कमरेला बांधला.

तिनं त्याला हुकूम दिला होता, सगळं डाव्या हातानं कर. तो दाढीही डाव्या हातानं करायला लागला. रंगभूषेची मुलगी रोज वैतागायची, "मिस्टर लाइल, आज पुन्हा हनुवटी सोललीत? कुठल्या मांजराशी राहता तुम्ही?" तो हसायचा आणि पुढच्या दिवशी पुन्हा कापून घ्यायचा. किपर, तो धुरी दिलेला मासा, खाताना काटे त्याच्या ताटापेक्षा मांडीवर जास्त. पण हळूहळू हात वळायला लागला. एका सकाळी मी मान वर केली तर तिचा वार त्यानं अडवलेला होता, आणि पाय जिथे हवा तिथेच होता.  पिरोश्कानं लगेच दुसरा वार केला.

खरी अडचण पुढे होती. लढाई एकट्याची नसते. समोरच्याला वार उलट्या बाजूनं घ्यावे लागणार. म्हणजे डेनिसला सगळं नव्यानं शिकायला लागणार, आणि तेही स्टॉलवर्दींना न सांगता. हेक्टर मेला की ज्याचं भलं होणार होतं त्याच्याकडेच मदत मागायची होती.

हेक्टर स्वतः गेला त्याच्याकडे. मी बरोबर होते, कारण डेनिसच्या डगल्याची बाही लहान करायची होती आणि टाचण्या माझ्या तोंडात होत्या.

"डेनिस, मला तुझ्याशी लढायचंय," हेक्टर म्हणाला. "मी. अल्फ नव्हे."

डेनिस हसला. मग त्याच्या लक्षात आलं की हेक्टर हसत नाहीये. "आणि मिस्टर स्टॉलवर्दी?"

"त्यांना त्याच दिवशी कळेल."

"मला पहिल्यांदा नाव मिळतंय, हेक्टर. बायकोला दिवस गेलेत. त्यांनी मला काढलं तर?"

"काढणार नाहीत. तुझ्याशिवाय त्यांच्याकडे कॅप्टनच उरत नाही. मारायचंय ना मला, मार की. मी मधे पडणार नाही. नेमून दिलंय तिथेच पडेन."

डेनिसनं बाही माझ्या हातातून सोडवून घेतली. मी टाचणी लावायची थांबले. मग तो म्हणाला, "खरं सांगू? मीही हाच विचार करत होतो. माझी एंट्री, आणि समोर अल्फच्या टोपाचा मागचा भाग! ते बघून कोण मला कॅप्टन मानणार? जुन्या कॅप्टनला समोरासमोर मारलं तरच नवा कॅप्टन खरा." मग घाईघाईनं, "तुम्हाला राग नाही ना आला?"

"अजिबात नाही," हेक्टर म्हणाला. "हेच ऐकायला आलो होतो."

दुसऱ्या दिवसापासून माडीवर तिघं. डेनिस चपळ होता, पण डावखुऱ्याशी लढताना गोंधळायचा. पिरोश्कानं दोघांचाही घाम काढला. ती लाकडी जमिनीवर खडूनं जहाजाचा नकाशा काढायची. इथे डोलकाठी, इथे जिना, इथे कठडा, इथे हेक्टर मरतो. मरायच्या जागी तिनं फुली मारली होती. हेक्टर रोज त्या फुलीवर पडायचा, उठायचा, अंग झटकायचा. मी त्याचा कमरपट्टा उसवून म्यान दुसऱ्या बाजूला लावलं. उजवा हात लपवायला एक आखूड झगा शिवला, खांद्यावरून तिरपा, तलवारीच्या आड न येणारा.

चित्रीकरणाच्या सकाळी स्टॉलवर्दी लंडनहून रबरी बूट आणि काळी छत्री घेऊन हजर झाले. माणूस वाईट नव्हता. मालिका चालली तर सव्वाशे घरांत चूल पेटते हे त्यांच्या डोक्यात पक्कं होतं, आणि त्या ओझ्यानं ते वाकलेले असायचे. धक्क्यावर हेक्टरच्या उजव्या कमरेला म्यान बघून ते थबकले.

"हे काय? एडना, म्यान चुकलंय."

"नाही, साहेब," मी म्हणाले.

"लढाई मी लढणार आहे," हेक्टर म्हणाला. "डाव्या हातानं."

"हेक्टर, तू फक्त मरायचंस. लढायचं काम अल्फचं. तुला पुन्हा काही झालं तर विमेवाले मला उभं चिरतील. अल्फ! अल्फ कुठाय?"

अल्फ टोप बाजूला ठेवून मासळीच्या खोक्यावर बसून केशर घातलेला गोड पाव खात होता. तो उठला आणि लंगडत आला.

"गुडघा गेला, मिस्टर स्टॉलवर्दी. काल रात्री पायरी चुकली."

"कुठला गुडघा?"

अल्फनं विचार केला. "डावा."

"तू उजव्या पायानं लंगडतोयस."

"दुखणं फिरतं, साहेब," अल्फ गंभीरपणे म्हणाला आणि परत खोक्यावर जाऊन बसला.

स्टॉलवर्दींनी एकेकाकडे बघितलं. माझ्याकडे, डेनिसकडे, हाताची घडी घालून उभ्या असलेल्या पिरोश्काकडे. आमचा दिग्दर्शक रॉय आकाशाकडे बघत होता. तो म्हणाला, "प्रकाश दुपारपर्यंतच आहे. ओहोटीला बोट आत येत नाही. आज नाही तर पुढच्या आठवड्यात."

"तू पडलास तर?" स्टॉलवर्दींनी हेक्टरला विचारलं.

"पडणारच आहे. शेवटी तेच लिहिलंय ना."

"मी चेष्टा करत नाहीये."

"मीही नाही. एकदा घ्या. एकदाच. नाही जमलं तर मी स्वतः अल्फच्या गुडघ्याला शेक देईन आणि पाठमोरं काय हवं ते घ्या."

स्टॉलवर्दींनी छत्री मिटली. "एकदा," ते म्हणाले.

बंदराबाहेर गेलो तसा मी दोन्ही हातांनी दोर धरला. माडीवरची जमीन स्थिर होती. इथे 'पुठ्ठ्याची राणी' प्रत्येक लाटेला आधी वर चढायची, मग कुशीवर कलायची, आणि प्लायवूड करकरायचं. गावातले खलाशी जुन्या टोप्या घालून दोरांशी उभे होते. बोटीचा खरा मालक सुकाणूवर, तोंडातला पाईप जबरदस्तीनं काढून घेतलेला. कॅमेरा मधल्या डोलकाठीला दोरानं बांधलेला. पिरोश्का माझ्या शेजारी कठडा धरून ओठांनी मोजत होती.

रॉयनं हात खाली केला आणि डेनिस कठड्यावरून उडी मारून आला.

पहिले वार माडीवरच्यासारखेच झाले. तलवारी एकमेकींवर घासल्याचा आवाज वाऱ्यातही ऐकू येत होता. हेक्टरचा चेहरा सरळ कॅमेऱ्याकडे, आणि त्या चेहऱ्यावर जे होतं ते मी आधीच्या कुठल्याच भागात बघितलं नव्हतं. आधीचा कॅप्टन लढताना हसायचा. हा हसत नव्हता. याला जिना चढायचा होता आणि समोर तलवार होती, बास.

जिन्याच्या मध्यावर मोठी लाट आली. बोट कलली, डेनिसचा तोल गेला आणि त्याचा वार ठरल्यापेक्षा खाली उतरला. हेक्टर मागे सरकला तो कठड्यावर आदळला, नेमका उजव्या मनगटावर. मी कॅमेऱ्यामागे तोंडावर हात दाबला. त्याचा चेहरा पांढराफटक पडला. स्टॉलवर्दी "थांब—" म्हणायला लागले आणि पिरोश्कानं त्यांचा दंड धरला.

"तो उभा आहे," ती म्हणाली. "बघ."

तो उभा होता. एक श्वास घेतला त्यानं, झग्याच्या आत तो हात आणखी आत ओढला, आणि पुढे सरकला. आता खडूचा नकाशा संपला होता. जिथे तीन वार करायचे ठरले होते तिथे पाच झाले. डेनिस मागे हटत वरच्या मजल्यावर गेला. त्याच्या डोळ्यांत खराखुरा गोंधळ होता, कारण समोरचा माणूस त्याला शिकवल्यासारखा लढत नव्हता. दोघंही घामानं आणि फेसानं भिजलेले. माडीवर फुली होती ती जागा जवळ आली. इथे हेक्टरनं तलवार उंच करायची, छाती मोकळी सोडायची आणि डेनिसनं भोसकायचं.

हेक्टरनं तलवार उंच केली. डेनिस पुढे आला. तेवढ्यात बोट पुन्हा वर उचलली गेली, दोन्ही तलवारी मुठीपाशी अडकल्या, आणि हेक्टरच्या डाव्या मनगटानं एक झटका दिला. छोटासा. पिळा काढावा तसा. डेनिसची तलवार हातातून निघाली, कठड्यावरून गेली आणि समुद्रात पडली.

कोणी हललं नाही. कॅमेरा चालूच होता. रॉयनं हात वर केला नव्हता.

डेनिस रिकाम्या हातानं उभा. तलवारच नाही तर भोसकणार कशानं? हेक्टरच्या तलवारीचं टोक त्याच्या गळ्यापाशी. धडपडीत हेक्टरची कॉलर फाटली होती आणि ते पदक बाहेर लोंबत होतं. मला डेनिस विचार करताना दिसला. खरंच दिसला. मग त्यानं त्याचं वाक्य म्हटलं, जे त्याला मरणाऱ्या माणसावर ओणवून म्हणायचं होतं.

"हे पदक तुझ्याकडे कुठून आलं?"

हेक्टरची छाती वरखाली होत होती. तो थांबला. तलवार खाली आली.

"आईनं दिलं," तो म्हणाला.

आणि मेला नाही.

दोघं तसेच एकमेकांकडे बघत राहिले. मागे समुद्र उसळत होता. त्यांच्या चेहऱ्यांवर जे आलं ते काही कोणी लिहून दिलं नव्हतं. शेवटी रॉयनं हळूच हात वर केला आणि खलाशांपैकी कोणीतरी मोठ्यानं शिट्टी मारली.

"तो मेला नाही," स्टॉलवर्दी म्हणाले.

"नाही," रॉय म्हणाला.

"त्याला मरायचं होतं."

"परत घ्यायचं का? दुसरी तलवार किनाऱ्यावर आहे."

स्टॉलवर्दी कठड्याशी जाऊन तलवार बुडाली तिथे वाकून बघू लागले. हेक्टर पायरीवर बसला होता. मी झगा बाजूला केला तर मनगट सुजून लाल झालेलं. मी गार पाण्याची पट्टी बांधत असताना डेनिस जवळ आला. तो शेजारी उकिडवा बसला.

मी खालच्या आवाजात विचारलं, "मुद्दाम सोडलीस ना?"

तो चिडलाच. "मी कशाला सोडू? माझा अख्खा कॅप्टन गेला पाण्यात! सोडली नाही, एडी. त्यानं घेतली."

पिरोश्कानं हेक्टरचा डावा हात हातात घेऊन उलटापालटा करून बघितला. "हा झटका मी शिकवला होता," ती म्हणाली. "पहिल्या आठवड्यात. तेव्हा नाही जमला. मी सोडून दिला. तू नाही सोडला?"

"खोलीत करायचो," हेक्टर म्हणाला. "बूट चढवायच्या पट्टीनं."

"आज करायचा नव्हता."

"माहीत आहे. मी मरायलाच गेलो होतो, पिरोश्का. देवाशपथ. हात ऐकेना."

संध्याकाळी धक्क्यावर स्टॉलवर्दींनी त्याला गाठलं. "मी काही कबूल करत नाही. चित्रपट्टी लंडनला नेतो. पडद्यावर बघतो. नाही पटलं तर येऊन तुला मारतो."

"या की," हेक्टर म्हणाला. "मी इथेच आहे."

उत्तर येईपर्यंतचे दिवस लांबलचक गेले. आम्ही किरकोळ चित्रं घेत होतो, ढग, लाटा, कोणाचे तरी बूट. हेक्टर मात्र सकाळी माडीवर जायचा. डेनिससुद्धा जायचा. त्यांचं काय होणार हे दोघांनाही माहीत नव्हतं, आणि एक राहिला की दुसऱ्याला जावं लागणार होतं. तरी तलवारींचा आवाज रोज यायचा. मी डेनिसला विचारलं, तू कशाला येतोस? तो म्हणाला, "पुन्हा कोणी माझी तलवार घ्यायला नको."

मग स्टॉलवर्दींचा फोन आला, बंदरावरच्या पबमध्ये. आम्ही सगळे भोवती. हेक्टरनं डाव्या हातानं फोन कानाला लावला. बराच वेळ नुसता "हं" म्हणत होता. मग म्हणाला, "आणि डेनिस?" पुन्हा "हं". डेनिसच्या हातातला बिअरचा पेला तसाच राहिलेला.

"एक अट आहे माझी," हेक्टर फोनमध्ये म्हणाला. पबमधला गलका एकदम थांबला. "शेवटी नावं येतात त्यांत पिरोश्का वाडास हे नाव हवं. 'तलवारबाजी: पिरोश्का वाडास.' नाही, मदतनीस नाही... लोकांना वाचता येणार नाही? मिस्टर स्टॉलवर्दी, लोकांनी माझा डावा हात मानला तर हेही वाचतील... मग मी येत नाही. तुम्हीच या मला मारायला."

पलीकडून 'ठीक आहे' ऐकल्यावरच त्यानं फोन ठेवला.

"काय झालं?" अल्फ ओरडला.

"कॅप्टन जगला," हेक्टर म्हणाला. "स्पेनच्या तुरुंगात त्याचा उजवा हात गेला, अशी कथा करतायत. आणि धाकटा भाऊ जहाजावरच राहतोय. डेनिस, दोघं मिळून चालवायचंय."

डेनिसनं पेला खाली ठेवला. त्याचा चेहरा पडला होता, खोटं कशाला बोलू? सगळं जहाज मिळणार होतं, आता निम्मं. पण थोड्या वेळानं तो उठून आला आणि हेक्टरपुढे हात केला. सवयीनं उजवा. मग चूक लक्षात आली, बदलून डावा पुढे केला.

"निम्म्या जहाजाला पगार पूर्ण मिळतो का, ते विचारलंत?" तो म्हणाला.

"ते तू विचार. मी आज पुरेसा भांडलोय."

मालिका पुढे दोन वर्षं चालली. हेक्टरची ती बोटं कधीच नीट मिटली नाहीत. हलहून त्याची आई मला दर नाताळात लोकरीचे हातमोजे पाठवायची, आणि तिला वाटायचं की मुलगा पडद्यावर मुद्दाम हात लपवतो, लाजाळू आहे म्हणून. डेनिस दुसऱ्या वर्षी स्वतःच्या मालिकेत गेला, डॉक्टर झाला, आणि तिथे फारच गाजला. अल्फचा गुडघा लढाईच्या संध्याकाळीच बरा झाला होता.

लढाईचा तो भाग लागला त्या रविवारी आम्ही पिरोश्काच्या लंडनमधल्या खोलीत जमलो. तिनं लाल मिरचीचा रस्सा केला होता, डोळ्यांत पाणी आणणारा. लढाई आली, तलवार समुद्रात गेली, खाली रस्त्यावर कुठल्यातरी घरातून पोरांची आरोळी ऐकू आली. शेवटी नावं सरकायला लागली. ती चमचा हातात धरून उभी राहिली.

नाव आलं. आडनावात एक अक्षर चुकलं होतं.

"छान आलंय की," मी म्हणाले.

"चूक आहे," ती म्हणाली.

सोमवारी सकाळी ती तिचा एकुलता एक चांगला कोट घालून स्टॉलवर्दींच्या कार्यालयात गेली. साहेब बैठकीत होते. ती बाहेरच्या बाकावर बसली. दुपारी ते जेवायला निघाले तेव्हा ती उठून उभी राहिली आणि आपलं नाव एकेक अक्षर सुटं करून त्यांना सांगितलं. त्यांनी खिशातलं पेन काढलं आणि तळहातावर लिहून घेतलं. पुढच्या रविवारी ते बरोबर आलं होतं.